दिवाळीपूर्वी एक सामना

मी अर्जनवीस आहे. कचेरीच्या फाटकाबाहेर, सात रस्त्याकडे जाणाऱ्या वाटेच्या कडेला माझे टेबल आहे आणि गेली कित्येक वर्षे ते जागचे हललेले नाही. शाळा नववीत सुटली. पुढचे शिक्षण कचेरीने दिले, आणि ते कुठल्याही पदवीहून उणे नाही असे माझे स्पष्ट मत आहे. वारसनोंद, अडवलेला रस्ता, रेशनकार्डातून गळालेले नाव, शेजाऱ्याचे सांडपाणी, अशी या शहरातली व आसपासच्या तालुक्यांतली असंख्य गाऱ्हाणी माझ्या लेखणीतून साहेबांच्या टेबलावर गेली आहेत. अशा माणसाचा बास्केटबॉलशी संबंध येण्याचे वास्तविक काहीच कारण नव्हते. तो आला, आणि असा आला की त्या हंगामात माझी झोप, जेवण व काही अंशी धंदाही त्या खेळाने ताब्यात घेतला.

गणपती नुकतेच उठले होते. माझा भाचा दुपारी टेबलाशी येऊन उभा राहिला. हा माझ्या बहिणीचा मुलगा, मूळचा मोडनिंबचा. कॉलेजसाठी दोन वर्षांपासून माझ्याकडे राहतो, आणि कॉलेजला सुट्टी असली की माझ्याबरोबर कचेरीत फायली घेऊन फिरतो. त्याच्यामागे आणखी दोघे होते. एक विलक्षण उंच, तो त्यांच्या संघाचा कप्तान. भवानी पेठेतल्या विणकरांच्या घरातला. घरात तेलुगू आणि बाहेर मराठी, दोन्ही सारख्याच संथपणे बोलणारा. दुसरा बुटका आणि चपळ. त्याचे वडील टेम्पो चालवतात, म्हणून सगळे कॉलेज त्याला टेम्पो म्हणते, आणि त्याला त्याचे काही वाटत नाही.

"मामा, एक अर्ज लिवायचाय," भाचा म्हणाला.

"विषय?"

"गाड्या."

"गाड्यांचे काय?"

"आमच्या कोर्टावर गाड्या लावणार हायेत. शेड मारून. संस्थेनं ठरिवलंय."

"कोर्टावर?" मी विचारले, कारण माझ्या लेखी कोर्ट एकच, आणि ते इथून हाकेच्या अंतरावर आहे.

"बास्केटबॉलच्या कोर्टावर, मामू," टेम्पो म्हणाला. "लोखंडी पाइप भी आके पडे. दिवाळीच्या सुट्टीत काम सुरू करते बोले."

मी लेखणी खाली ठेवली. स्थळ पाहिल्याशिवाय मी अर्ज लिहीत नाही. न पाहिलेल्या जागेचे वर्णन करणाऱ्या अर्जनवीसांमुळेच आमच्या व्यवसायाची पत घसरली आहे, हे मी अनेकांना तोंडावर सांगितले आहे. संध्याकाळी टेबल आवरून मी कॉलेजात गेलो.

सिमेंटची ती जागा इमारतीच्या मागे होती. पांढरे पट्टे अर्धे पुसले गेलेले, दोन टोकांना दोन खांब, त्यांवर फळ्या आणि फळ्यांना लोखंडी कड्या. एका कडीला जाळी नव्हती. दुसरीला होती, पण ती दुकानातली नव्हे. कप्तानाने मागावरच्या टॉवेलच्या सुताची दोरी वळून स्वतः विणली होती. कुंपणाशी पाइप रचून ठेवलेले. मी खिशातून कागद काढून "पूर्वेस भिंत, पश्चिमेस कॅन्टीन" असे टिपण सुरू केले आणि तेवढ्यात पोरांनी सराव सुरू केला.

ते टिपण पश्चिमेच्या पुढे गेले नाही. चेंडू सिमेंटवर आपटतो तेव्हा त्याचा आवाज छातीत येतो, हे मला कुणी सांगितले नव्हते. पाच पोरे इकडून तिकडे धावत होती, एकमेकांकडे न बघता चेंडू देत होती, आणि ज्याच्याकडे चेंडू जायचा तो नेमका तिथे असायचा. भाच्याला मी घरी ताट उचलायला सांगितले तर तो दोनदा ऐकत नाही. तोच मुलगा इथे कप्तानाने नुसती भुवई हलवली की कोपऱ्यातून सुटून कडीखाली हजर. त्याने उडी मारली, चेंडू हातातून हलकेच सुटला आणि त्या सुती जाळीतून खाली आला. सुताला सूत घासल्याचा बारीक आवाज झाला. मी टाळी वाजवली. मग आजूबाजूला पाहिले; टाळी वाजवणारा मी एकटाच होतो.

अर्ज मी त्याच रात्री मनात रचला व सकाळी लिहून काढला. चांगला झाला. "क्रीडांगण हे विद्यालयाचे फुप्फुस होय" हे वाक्य त्यात आहे आणि ते माझे स्वतःचे आहे.

अर्ज द्यायला पोरे, त्यांचे क्रीडाशिक्षक आणि मी असे मिळून संस्थेच्या अध्यक्षांकडे गेलो. अध्यक्ष हे भारदस्त, मितभाषी गृहस्थ. त्यांनी अर्ज आरंभापासून अखेरपर्यंत वाचला, ही गोष्ट मी आदराने नमूद करतो.

"हे कोणी लिहिलं?"

"मी, साहेब."

"चांगलं लिहिलंय. पण हे फुप्फुस शेवटची मॅच कधी जिंकलं, तेवढं लिहायचं राहिलं."

क्रीडाशिक्षकांनी खाली पाहिले. कप्तानाने वर पाहिले. तो इतका उंच होता की त्याला छत जवळ पडत असावे.

"मला पोरांचं वाईट करायचं नाही," अध्यक्ष म्हणाले. "पालक रोज येतात, गाडी चोरीला गेली म्हणतात. मी त्यांना काय दाखवू? जाळी? तुम्ही असं करा. दिवाळीची सुट्टी लागायच्या आत एक मॅच जिंका. एकच. मैदान तुमचं. नाहीतर सुट्टीत शेड उभी राहील आणि मग माझ्याकडे यायचं नाही."

बाहेर आल्यावर क्रीडाशिक्षकांनी सांगितले की सुट्टीपूर्वी आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेचे तीन सामने आहेत, आणि तिन्ही संघ आमच्याहून तगडे आहेत. टेम्पोने माझ्याकडे पाहून विचारले, "मामू, जितने का अर्ज किसकू देते?"

पहिला सामना आमच्याच कोर्टावर झाला. त्याविषयी फार लिहिण्यासारखे नाही. पाहुणे सुरुवातीपासून पुढे गेले आणि पुढेच राहिले. मी मात्र त्या दुपारी पुष्कळ शिकलो. चेंडू जमिनीवर न आपटता पावले टाकत गेले की गुन्हा. दांडगाई पाच वेळा केली की खेळाडू कायमचा बाहेर. लांबच्या रेषेबाहेरून कडीत टाकला तर गुण अधिक. नियम ही माझी रोजीरोटी आहे, त्यामुळे मला ते पटकन उमगतात. एवढेच की पंचांनी एकदा आमच्याविरुद्ध शिट्टी वाजवली तेव्हा मी उभा राहून "हा सरासर अन्याय आहे" असे बजावले. विश्रांतीत भाचा घाम पुसत माझ्याकडे आला.

"मामा, ती चूक आमचीच हुती."

"असेल. पण निषेध नोंदवणे आवश्यक होते."

"तुमी निषेध मनातल्या मनात नोंदवा की. लोकं आमच्याकडं बघत्यात."

दुसरा सामना शहराच्या दुसऱ्या टोकाला झाला. त्याने माझ्या जिवाचे पाणी केले. पोरे त्या दिवशी निराळीच होती. कप्तान कडीखाली भिंतीसारखा उभा राहिला, भाच्याने दोनदा लांबून टाकले आणि दोन्ही आत गेले, आणि तिसऱ्या पावामध्ये आम्ही पुढे होतो. हा खेळ चार समान भागांत खेळतात. पोरे इंग्रजीत काहीतरी म्हणतात, मी त्यांना पाव म्हणतो, आणि आता पोरेही तसेच म्हणू लागली आहेत. शेवटच्या पावात टेम्पोची पाचवी दांडगाई भरली. तो बाहेर येऊन माझ्याशेजारी बसला आणि आम्ही दोघांनी मिळून तो सामना हातातून जाताना पाहिला. फार थोड्यांनी गेला. टेम्पोने माझ्या पाठीवर हात ठेवला, वास्तविक मी त्याच्या पाठीवर ठेवायला हवा होता.

"फिकर नक्को करो मामू. एक बाकी है."

एकच बाकी होता. आणि त्याच्या आदल्या दिवशी क्रीडाशिक्षकांना परीक्षेच्या भरारी पथकात घेऊन दूरच्या तालुक्याला पाठवण्यात आले. संघाबरोबर जबाबदार प्रौढ माणूस असल्याशिवाय खेळू देत नाहीत. कॉलेजातले कुणी मोकळे नव्हते. माझे नाव पुढे आले, याचे मला आश्चर्य वाटले नाही. संघाबरोबरचा मार्गदर्शक म्हणून तशी रीतसर नोंद झाली. क्रीडाशिक्षक जाण्यापूर्वी माझ्या टेबलाशी आले.

"मामा, खेळाचं कप्तान बघेल. तुम्ही कुणाला काही शिकवू नका."

"माझा तसा उद्देशही नाही."

"तुमचं काम एकच. टाइम-आउट. पोरं दमली, गोंधळली, की खेळ मिनिटभर थांबवून घेता येतो. पण तो खेळाडूला मागता येत नाही. बाकावरच्या माणसानं स्वतः उठून गुणलेखकाच्या टेबलाशी जायचं आणि मागायचा. कप्तानानं डोक्यावर हात ठेवला की तुम्ही उठायचं. एवढं लक्षात ठेवा."

मी त्यांना म्हणालो की टेबलाशी जाऊन मागणे यात माझे आयुष्य गेले आहे. ते निश्चिंत होऊन गेले.

तिसरा सामना प्रतिस्पर्ध्यांच्या कोर्टावर होता. ऑक्टोबरचे ऊन सिमेंटमध्ये मुरलेले होते. बाकावर बसलो तरी पायांना झळ लागत होती. आमच्या कॉलेजातली बरीच पोरे आली होती आणि यजमानांच्या भिंतीवर चढून बसली होती. ज्यांच्या गाड्या त्या शेडमध्ये लागणार होत्या तीही त्यांत होती. समोरचा संघ निळ्या पोशाखात, एकसारख्या बुटांत. त्यांचे प्रशिक्षक शिट्टी गळ्यात घालून येरझारा घालत होते. त्यांनी मला नमस्कार केला आणि विचारले, "सर, तुम्ही कोणत्या साली खेळत होता?" मी म्हणालो, "मी लेखनाच्या बाजूचा आहे." त्यांनी मान डोलावली. त्यांना काय समजले कोण जाणे.

पहिला पाव गेला आणि आम्ही मागे होतो, पण मोडलो नव्हतो. दुसऱ्यात टेम्पोला खेळाची नस सापडली. तो निळ्यांच्या उंच पोरांच्या काखेखालून चेंडू काढून न्यायचा आणि त्यांना कळायच्या आत तो कप्तानाच्या हातात असायचा. भिंतीवरून पोरे ओरडत होती, "टेम्पो, रिव्हर्स घे, रिव्हर्स," आणि तो खरोखरच उलट्या पावली सरकत सुटायचा. मध्यंतराला बरोबरी झाली. मी सगळ्यांना लिंबूपाणी दिले. त्यातले थोडे माझ्याच सदऱ्यावर सांडले, तेव्हा कप्तान पहिल्यांदाच हसला.

"मामा, तुमीच बसा जरा. आमी खेळतो."

तिसऱ्या पावाचे मला नीट काही आठवत नाही. एवढे आठवते की मी बसलेला नव्हतो. भाच्याने एक चेंडू असा टाकला की तो फळीला न लागता, कडीला न लागता आत गेला आणि माझ्या तोंडून मोडनिंबच्या बाजारात शोभेल असा शब्द निघाला. माझ्या बहिणीने तो मुलगा मला कॉमर्स शिकायला दिला होता. त्या दुपारी तो कॉमर्समध्ये नापास झाला असता तरी मी तिच्यापुढे त्याची बाजू मांडली असती.

शेवटचा पाव. एकदा ते पुढे, एकदा आम्ही. पोरांच्या पायांतले बळ संपत आले होते. कप्तान दोन्ही हात गुडघ्यांवर टेकून उभा राहायचा आणि चेंडू आला की तेवढ्यापुरता ताठ व्हायचा. अगदी थोडा वेळ उरला असताना आम्ही एका गुणाने वर होतो आणि चेंडू निळ्यांकडे होता. ते शांतपणे चेंडू फिरवत जागा शोधत होते. तेव्हा कप्तानाने माझ्याकडे पाहिले आणि डोक्यावर हात ठेवला.

मी उठलो. धावलो नाही, टेबलाकडे कुणी धावत जात नसते. सदऱ्याचे वरचे बटण लावले आणि गुणलेखकासमोर जाऊन उभा राहिलो.

गुणलेखक मान खाली घालून लिहीत होते.

इथे कचेरीचा रिवाज सांगणे भाग आहे, कारण पुढचे सगळे त्यावर आहे. साहेबांची मान खाली असताना जो बोलतो, त्याचे काम होत नाही. हे मी माझ्या प्रत्येक पक्षकाराला बजावतो. टेबलासमोर उभे राहावे, हात जोडावे, किंचित वाकावे आणि थांबावे. साहेब लिहिणे संपवतात, मान वर करतात, "काय?" विचारतात, मग निवेदन करावे. मधेच खोकणेही योग्य नाही. मी स्वतः असा तासन्‌तास उभा राहिलो आहे आणि रिकाम्या हाताने फार क्वचित परतलो आहे. सबब मी हात जोडले, किंचित वाकलो आणि थांबलो.

गुणलेखक लिहीत होते. बहुधा आधीच्या एखाद्या दांडगाईचा हिशेब राहिला असावा. माझ्या पाठीमागे चेंडू आपटत होता, बूट किरकिरत होते, मग भिंतीच्या बाजूने एकदम शांतता झाली आणि निळ्यांच्या बाजूने आरोळी उठली. मी मान वळवून पाहिले. त्यांनी कडीत टाकला होता. आता ते एका गुणाने वर होते आणि वेळ जवळजवळ संपला होता.

त्यांच्या प्रशिक्षकांनी मला टेबलाशी उभे पाहिले होते. ते अनुभवी गृहस्थ. टेबलाशी माणूस उभा आहे याचा अर्थ त्यांच्या लेखी एकच. त्यांनी दोन्ही हात उंचावून आपल्या पोरांना बोलावले. "टाइम-आउट आहे. या, या इकडे." निळी पोरे एकमेकांच्या पाठी थोपटत बाकाकडे वळली. आमचा कप्तानही सदऱ्याने तोंड पुसत माझ्या दिशेने चालू लागला. त्याची मान पडली होती. टेम्पो कडीमागच्या रेषेबाहेर चेंडू काखेत धरून उभा होता.

भाचा जागचा हलला नाही. त्याने टेबलाकडे पाहिले. माझे जोडलेले हात पाहिले, वाकलेली पाठ पाहिली, गुणलेखकांची खाली घातलेली मान पाहिली. दोन वर्षे तो माझ्यामागे फायली घेऊन असाच उभा राहत आला होता.

"ए टेम्पो," तो ओरडला, "मामा बोलले न्हाईत अजून. टाक की."

टेम्पोने विचारले नाही. चेंडू कोर्टाच्या मध्यावरून गेला आणि भाच्याने तो धावता धावता झेलला. समोर कुणी नव्हते. अख्खे सिमेंट मोकळे होते. एका निळ्या पोराने मागे वळून पाहिले, काहीतरी ओरडला आणि धावत सुटला. तो चांगला धावणारा होता, अंतर तुटत होते, आणि मी हात जोडून उभाच होतो, कारण मला ते सोडण्याचे सुचेना. भाचा उडाला. चेंडू फळीला लागला, कडीवर आला, कडीवर फिरला, थांबल्यासारखा झाला.

नेमके तेव्हा गुणलेखकांनी मान वर केली.

"काय पाहिजे?"

चेंडू आत पडला.

"आता काही नाही, साहेब," मी म्हणालो.

भिंतीवरची पोरे खाली पडली की उतरली हे सांगता येणार नाही. निळ्यांना एक शेवटचा चेंडू मिळाला. त्यांनी तो अर्ध्या कोर्टावरून भिरकावला, तो कडीजवळही गेला नाही, आणि सामना संपल्याचा भोंगा वाजला. कप्तान सिमेंटवर आडवा झाला होता आणि तेलुगूत स्वतःशीच बोलत होता. टेम्पोने मला उचलण्याचा प्रयत्न केला. माझे वजन लक्षात आल्यावर त्याने नुसती मिठी मारली.

पण प्रकरण मिटले नव्हते. निळ्यांचे प्रशिक्षक तावातावाने पंचांकडे गेले. त्यांचे म्हणणे असे की टाइम-आउट मागितला गेला होता, तो दिला गेला नाही, आणि त्यांच्या खेळाडूंची फसवणूक झाली. मला पंचांनी बोलावले.

"तुम्ही टेबलाशी कशाला गेला होता?"

"टाइम-आउटची विनंती करण्यास."

"मग केली का विनंती?"

"नाही, साहेब. गुणलेखक साहेब कामात होते. मी अद्याप काहीही निवेदन केले नव्हते."

"हातानं खूण केली?"

"हात जोडलेले होते."

पंचांनी गुणलेखकांकडे पाहिले. ते बिचारे चष्मा पुसत होते. "मला तर हे उभे आहेत हेच माहीत नव्हतं," ते म्हणाले. "काही बोललेच नाहीत."

पंचांनी गुणलेखकांचा कागद उचलून पाहिला. माझ्या कपाळावरचा घाम डोळ्यांत उतरला तरी मी हात हलवला नाही. मग ते प्रशिक्षकांना म्हणाले, "मागितल्याशिवाय टाइम-आउट होत नाही, सर. माणूस टेबलाशी उभा राहू शकतो. तुमच्या पोरांना शिट्टी ऐकल्याशिवाय खेळ सोडायला कोणी सांगितलं?"

प्रशिक्षक माझ्याकडे बघून म्हणाले, "लेखनाच्या बाजूचे म्हणालात ना तुम्ही."

"होय, साहेब."

"बघितली तुमची बाजू." आणि त्यांनी हात पुढे केला. हा मनाचा मोठेपणा मी विसरणार नाही.

परतताना आम्ही सगळे टेम्पोच्या वडिलांच्या गाडीत मागे उभे होतो. भाचा माझ्या खांद्याला धरून डुलत होता.

"मामा, खरं सांगा. साहेबानं मान वर केल्याबिगर तुमी श्वास तरी घेता का?"

"थोडा थोडा घेतो," मी म्हणालो, आणि सगळा टेम्पो हसला.

पण हसणे वरवरचे होते. सामना जिंकला होता. मैदान अजून मिळाले नव्हते. अध्यक्षांना कुणीतरी सगळे सांगणार, आणि ते कसे सांगणार यावर सारे होते. टेबलाशी गोंधळ घालून मिळवलेला विजय म्हणून त्यांनी तो मोजलाच नाही तर? कप्तानाने हे बोलून दाखवले, तेव्हा गाडी सात रस्त्याला आली होती.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पोरे सरावाला जमली आणि मीही टेबल लवकर आवरून गेलो. क्रीडाशिक्षक परत आले होते. त्यांनी माझा हात हातात घेतला आणि बराच वेळ हलवला. थोड्या वेळाने अध्यक्षांची गाडी आली. फाटकातून आत आली, इमारतीला वळसा घालून मागे आली आणि सरळ कोर्टावर, मधल्या वर्तुळाच्या अलीकडे उभी राहिली. अध्यक्ष उतरले. पोरे एका रांगेत झाली.

"मी एक मॅच म्हणालो होतो."

"जिंकली, साहेब," कप्तान म्हणाला.

"ऐकलं. ती टेबलाशी उभं राहून जिंकली, असंही ऐकलं." त्यांनी माझ्याकडे पाहिले. मी हात जोडले. त्यांची मान वर होती, तेव्हा बोलायला हरकत नव्हती, पण त्यांनी पोरांकडे वळून विचारले,

"शेवटचा कोणी टाकला?"

भाचा पुढे आला.

"कुठला तू?"

"मोडनिंबचा."

"मामा बोलले नाहीत, हे तुला कसं कळलं?"

"मामा टेबलासमोर वाकलं की टाइम लागतोय, साहेब. आमाला म्हाईत हाय."

अध्यक्षांच्या मिशा हलल्या. त्यांनी चेंडू मागून घेतला, दोन्ही हातांत धरून त्याचे वजन पाहिले, एकदा जमिनीवर आपटला आणि परत येताना तो त्यांना नीट झेलता आला नाही. टेम्पोने तो उचलून दिला. ते फळीकडे, जाळीकडे पाहत राहिले. आमच्यापैकी कुणी श्वास घेत नव्हते, मी तर नाहीच.

कप्तान हळूच एक पाऊल पुढे आला. त्याचे ते संथ मराठी त्या दिवशी आणखीच संथ झाले होते.

"साहेब, आमची प्रॅक्टिस सुरू करायची होती. गाडी तेवढी…"

क्रीडाशिक्षकांनी डोळे मिटले. अध्यक्षांनी गाडीकडे पाहिले, गाडीखालच्या पांढऱ्या पट्ट्याकडे पाहिले, आणि मग ड्रायव्हरला हाक मारली.

"गाडी बाहेर घे रे. इथं गाड्या लावायच्या नाहीत."

ड्रायव्हरने गाडी मागे घ्यायला सुरुवात केली. ती कोर्टावरून पुरती निघालीही नव्हती, तोच टेम्पो तिला वळसा घालून सुटला, भाचा कोपऱ्यातून धावला, आणि चेंडू अध्यक्षांच्या डोक्यावरून कप्तानाच्या हातात गेला. अध्यक्ष घाईघाईने बाजूला झाले आणि माझ्याशेजारी रेषेबाहेर येऊन उभे राहिले.